उंबरा ओलांडलेली चांदी

सम्मेद मगदूमला चोर हवा होता, आणि तोही कमीत कमी खर्चात. हुपरीतल्या त्याच्या पैंजणांच्या कारखान्यात सलग दोन वर्षं किलोकिलोभर चांदी कमी भरली होती. पूर्वीचे दिवस असते तर चार दिवस कुरकुर झाली असती आणि विषय मिटला असता. पण घराघरावरच्या सौरपत्र्यांना चांदी लागत होती, गाड्यांच्या नव्या बॅटऱ्यांना चांदी लागत होती, आणि तिचा भाव असा काही चढला होता की सोनं घेणाऱ्यांनीसुद्धा तोंडात बोट घालावं. अशा दिवसांत किलोभर चांदी गेली म्हणजे एका लग्नाचा खर्च गेला.

दहा वर्षांपूर्वी सम्मेदनं इचलकरंजीहून चाळीस कॅमेरे आणून भिंतींवर ठोकले असते आणि हात झटकले असते. आता तसं करता येत नव्हतं. कामाच्या जागी माणसावर नजर ठेवायची तर दर कॅमेऱ्यामागे परवाना लागे, दर परवान्यामागे वर्षाचं शुल्क, आणि आखणीकाराच्या सहीचा अहवाल नसेल तर विमा कंपनी दारातसुद्धा उभं करत नसे. कुठल्या कोपऱ्यात कॅमेरा हवा, कुठं नको, किती कमी कॅमेऱ्यांत काम भागेल, हे आखणीकारानं ठरवायचं. चाळीस कॅमेऱ्यांचा वर्षाचा खर्च अठरा लाख होता. तो आकडा ऐकून सम्मेदनं दोन दिवस चहात साखर घेतली नव्हती, असं त्याचा कारकून सांगायचा.

म्हणून त्यानं नसरीन झारेकरीला बोलावलं. नसरीन कोल्हापूरच्या एका लहानशा कंपनीत आखणीकार होती. वय सत्तावीस, अंगानं काटकुळी, बोलणं मोजकं. झारेकरी म्हणजे सोनाराच्या दुकानातला केर धुऊन त्यातली सोन्याचांदीची कणी काढणारे लोक, आणि नसरीनची आई जैबूनबी बावीस वर्षं याच कारखान्यातला केर नेत होती. नसरीननं अहवालाच्या पहिल्या पानावर हे नातं लिहून टाकलं होतं. केर नेणारी बाई कारखान्याची नोकर नसते, म्हणून कुणी हरकत घेतली नाही. सम्मेद तर म्हणाला, "अगं, तू घरचंच माणूस. उलट बरंच आहे."

नसरीनचं यंत्र दिसायला अगदीच साधं होतं. काडेपेटीएवढ्या बारा डब्या तिनं तीन आठवड्यांपूर्वी कारखान्याच्या तुळयांना चिकटवल्या होत्या. त्यांना डोळे नव्हते. त्या अतिसूक्ष्म लहरी सोडत आणि परत येणाऱ्या लहरी मोजत. चांदी ही विजेची सर्वांत चांगली वाहक, त्यामुळे ती या लहरी सर्वांत चांगल्या परतवते. कापडाआडून, मुठीतून, केरातूनसुद्धा. माणसाचा चेहरा या डब्यांना दिसत नाही, फक्त चालण्याची लकब कळते. तीन आठवड्यांत चांदी कुठून निघाली, कुणाच्या हातून कुठं गेली आणि कारखान्याचा उंबरा ओलांडून किती बाहेर पडली, याचा एक नकाशा तयार होई. नदीला ओढे कुठं मिळतात आणि पाट कुठं फुटतात ते दाखवतात ना, तसाच.

पण यंत्राची खरी करामत पुढं होती. नुसता पाट दाखवून भागत नाही, कारण कॅमेरा लावला की माणूस वाट बदलतो. म्हणून ते यंत्र कारखान्याची एक प्रतिकृती करी आणि तिच्यात प्रत्येक कामगाराची एक सावली सोडी. तसंच चालणारी, तशाच सवयींची. त्या सावल्यांना एका रात्रीत दहा हजार दिवस जगायला लावायचं. इथं कॅमेरा लावून बघायचा, तिथं लावून बघायचा, आणि चांदी कुठून कुठं वळते ते पाहायचं. शेवटी सर्वांत स्वस्त उपाय कुठला, ते यंत्र सांगे. माणसाच्या मनात काय आहे ते त्याला कळत नसे आणि कळावं अशी त्याच्याकडून अपेक्षाही नव्हती. उंबऱ्याबाहेर गेलेली चांदी परत आली नाही की तिला ते चोरी म्हणे.

सोमवारी सकाळी दहा वाजता निकाल आला. कारखान्याच्या माळ्यावरच्या खोलीत नसरीननं यंत्राची पडद्याची पाटी उघडली, तेव्हा सम्मेद तिच्या खांद्यामागे उभा होता. पडद्यावर तीन ओळी होत्या. चाळीस कॅमेरे, अठरा लाख. सहा कॅमेरे, तीन लाख. तिसरी ओळ वाचून सम्मेदनं चष्मा पुसला आणि पुन्हा वाचली. कॅमेरे शून्य, खर्च शून्य. सावली क्रमांक चौदा वगळा.

"म्हणजे काय?" त्यानं विचारलं.

"म्हणजे एका माणसाला कामावरून काढलं तर कॅमेऱ्यांची गरज नाही." नसरीनचा आवाज कोरडा होता.

"कोण हा चौदा?"

"तुम्हाला नाव मी सही केल्यावरच दिसतं, दादा. कायदा आहे तसा. पाच वाजेपर्यंत मला तपासायला वेळ असतो. पाचला अहवाल आपोआप विमा कंपनीकडं जातो. चोरीचा शेरा असेल तर त्याची प्रत पोलिसांकडं."

"मग कर की सही. पाचपर्यंत कशाला थांबतेस?"

"तपासायचं राहिलंय," ती म्हणाली.

सम्मेद हसला. वडील, म्हणजे जुने मालक अण्णा, वारल्यापासून दोन वर्षांत तो असा मनमोकळा हसला नव्हता. माणूस वाईट नव्हता तो, पण शिकून आल्यावर प्रत्येक गोष्टीची किंमत काढायची खोड त्याला लागली होती. "शून्य खर्च," असं दोनदा पुटपुटत तो खाली गेला आणि तीस कामगारांच्या रांगांमधून हळूहळू फिरू लागला. एकेकाच्या तोंडाकडे बघत होता. अर्ध्या तासात कारखान्यातली बडबड बंद पडली आणि फक्त कानशींचा आवाज उरला.

नावांची यादी फक्त आखणीकाराला बघता येई, आणि ती नसरीनच्या पाटीत होती. चौदा म्हणजे धोंडिराम पोतदार. ते नाव बघून आधी तिला यंत्रच बिघडलंय असं वाटलं. धोंडीमामांनी अडुसष्ट वर्षांच्या आयुष्यातली पन्नास वर्षं याच मेजावर काढली होती. पैंजणाच्या कड्या कानशीनं घासून शेवटचा हात फिरवायचा तो त्यांनीच. लहानपणी आईबरोबर केर न्यायला आली की ते तिला मेजाखालून शेंगदाण्याचा लाडू द्यायचे.

तिनं पुन्हा नकाशा उघडला. दर संध्याकाळी सहाला चौदाची सावली मेजावरून उठत होती, आणि उठताना चार ग्रॅम चांदी मेजावरून खाली जमिनीवर जात होती. रोज चार ग्रॅम, एकवीस दिवस. सांडली असती तर कधी दोन, कधी सात असे आकडे असते. मग सव्वासहाला एक बाहेरची सावली आत येई, जमीन झाडी आणि ती चांदी उंबऱ्याबाहेर नेई. यंत्रानं तिला नाव दिलं होतं: बाह्य एक.

ती चाल ओळखायला नसरीनला यादी बघायची गरज नव्हती. डावा पाय किंचित ओढत चालणारी ती तिची अम्मी होती.

आपलेच दात आणि आपलेच ओठ. मोजलेलं काही पुसता येत नव्हतं. यंत्र मोहोरबंद होतं. पाचच्या आत चांदी परत आली आणि नवी नोंद झाली तरच निकाल बदलू शकत होता, आणि त्यालाही आखणीकाराचा लेखी शेरा हवा होता. नाहीतर पाचला धोंडीमामा चोर ठरणार होते, तिची आई त्यांची साथीदार, आणि दोघांच्या नावाखाली सही असणार होती नसरीनची.

जेवणाच्या सुट्टीत मामा मागच्या नळावर हात धूत होते. ते पाणीसुद्धा पिंपात जमा होई, कारण कारागिराच्या हातालाही चांदी लागलेली असते. नसरीन जवळ जाऊन उभी राहिली आणि तिनं आडवळण न घेता विचारलं, "मामा, रोज संध्याकाळी चार ग्रॅम खाली का टाकता?"

मामांचे हात थांबले. नळ तसाच वाहत राहिला.

"कोन म्हनतंय?"

"यंत्र. एकवीस दिवस रोज चार ग्रॅम."

"मग यंत्रालाच इचार." त्यांनी नळ बंद केला आणि हात धोतराला पुसले. "मी सांगनार न्हाई. बोलायची गोष्ट न्हवं ती."

"पाच वाजता पोलिसांना कळेल."

"कळू दे. न्हेतील मला. म्हातारा माणूस, कुठं पळनार हाय?"

"अम्मीलाही नेतील, मामा. केर ती नेते. तुम्हा दोघांची मिलीभगत आहे असं यंत्र म्हणतंय."

तेव्हा मात्र त्यांचा चेहरा पडला. ते नळाच्या कठड्यावर बसले. मग इकडंतिकडं बघून हलक्या आवाजात सांगू लागले.

"तुझा बाप हितंच चांदी वितळवायच्या आटणीवर हुता, ठाव हाय न्हवं? तेजाबाचा धूर काढायचा पंखा तीन दिस बंद पडलेला. अण्णांनी उद्या दुरुस्त करू, उद्या करू म्हनत दिस काढलं. तुझा बाप त्या धुरात काम करत ऱ्हायला आन् आठ दिसांत गेला. डागदरानं न्यूमोनिया लिवलं. अण्णांनी माझ्या हातनं पैसं धाडलं, तर तुझ्या आईनं दारातनंच परत दिलं. नवऱ्याचं मोल घेऊन मी काय करू म्हनली."

नसरीनला हे काहीच माहीत नव्हतं. अब्बा तापानं गेले एवढंच तिला सांगितलं होतं.

"मग अण्णांनी मला बोलावलं," मामा म्हणाले. "म्हनले, धोंडिराम, ती घेनार न्हाई, तर तिला कळू न देता दे. केरात टाक. गुप्तदान. बस्तीत देवापुढं हात जोडून शपथ घ्यायला लावली मला. गुप्तदान बोललं की विटतं, बाळ. म्हनून मी बोलत न्हवतो. दरसाल जेवडी चांदी मी केरात टाकायचो, तेवडी अण्णा आपल्या पदरची आटणीत टाकायचे. हिशेब कदी चुकला न्हाई."

आता नसरीनला कोडं उलगडलं. तूट दोन वर्षांपूर्वी सुरू झाली नव्हती. तूट बावीस वर्षं होती. ती भरून काढणारा माणूस दोन वर्षांपूर्वी गेला होता. आणि गुप्त ठेवायची ती गोष्ट अण्णांनी पोटच्या पोरालाही सांगितली नव्हती.

"पण अण्णा गेल्यावर तुम्ही थांबला का नाहीत?" ती जवळजवळ ओरडलीच. "आता ती चोरीच झाली ना, मामा?"

"झाली की. मला कळत न्हाई व्हय?" मामांच्या डोळ्यांत पाणी आलं. "पर थांबलो असतो तर एका दिसात तुझ्या आईचा केर हलका आला असता. जैबून काय खुळी हाय? सारा गाव म्हनतोय, जैबूनबीच्या हाताला चांदी लागती. तिचं एवडंच एक हाय. त्ये मी कसं काढून घेऊ?"

नसरीनला मामांचा राग आला, अण्णांचा त्याहून जास्त आला, आणि सगळ्यांत जास्त कीव आली ती आईची. हुपरीत झारेकरणी आणखीही होत्या, पण जैबूनबीची बात वेगळी. शेजारच्या रेंदाळहून लोक तिला केर दाखवायला आणत. इतरांच्या केरात गुंजभर निघावी तिथं जैबूनबी चमचाभर काढते, अशी तिची ख्याती. त्या चमचाभर चांदीवर नसरीन इंजिनिअर झाली होती. आणि ती सगळी ख्याती एका म्हाताऱ्याच्या चिमटीतून रोज संध्याकाळी खाली पडत होती.

ती घरी पोहोचली तेव्हा अडीच वाजले होते. परसात सिमेंटच्या टाकीपाशी जैबूनबी उकिडवी बसून लाकडी परात गोल फिरवत होती. काळं पाणी कडेनं सांडत होतं आणि तळाशी जड कणी उरत होती. नसरीननं गाडीवरून येतानाच ठरवलं होतं की आईला यातलं काही कळू द्यायचं नाही. निदान आज तरी नाही. आधी तिला या कामातून बाहेर काढायचं, मग पोलिसांना काय सांगायचं ते बघू.

"अम्मी, उद्यापासून मगदूमांचा केर आणू नकोस," ती म्हणाली. "त्यांनी धुण्याचं मशीन घ्यायचं ठरवलंय."

जैबूनबीनं मान वर केली नाही. परात आणखी दोनदा फिरवली, पाणी निथळलं आणि विचारलं, "धोंडीभाऊला काय केलं?"

नसरीन बघतच राहिली.

"तुझ्या डब्या तुळईला बघितल्या तवाच मला धास्ती पडली हुती," जैबूनबी म्हणाली. "बोल. काढलं का त्येला?"

"तुला माहीत आहे?"

"पहिल्या आठवड्यातच कळलं. कानशीचा कीस आपसूक सांडला तर सगळीकडं पसरतो. त्यात राख असती, मेण असतं, मानसांच्या पायाची माती असती. चिमटीनं टाकलेला एकाच जागी पडतो, स्वच्छ, निवडलेल्या तांदळावानी. हात घालायच्या आधी मला दिसतो त्यो." तिनं परात खाली ठेवली. "पांढरा कीस मालकाचा आन् काळा केर झारेकरणीचा, ही रीतच हाय. पांढरा दिसला की मालकाच्या डब्यात टाकायचा. म्या न्हाई टाकला."

"आणि अब्बांचं? तो पंखा?"

"त्येच्या सदऱ्याला तेजाबाचा वास येत हुता. म्या धुतला त्यो सदरा. मला कोन काय सांगनार?" तिचा आवाज एकदम धारदार झाला. "भीक म्हनून घेतलं न्हाई मी, ध्यानात ठेव. भांडले असते तर अण्णांनी एकदा नोटा मोजल्या असत्या आन् दार लावून घेतलं असतं. गप बसले, म्हनून तुझं शिक्शान झालं. तुझ्या बापाचं हुतं ते, तुला दिलं."

बाहेर रस्त्यावरून भंगारवाला ओरडत गेला. नसरीन टाकीच्या काठावर बसली. गेल्या दोन तासांत ज्या आईची तिनं कीव केली होती, ती बाई हीच का, असं तिला वाटत होतं.

"पाच वाजता अहवाल जाणार," ती शेवटी म्हणाली. "धोंडीमामा चोर ठरतील. तूही. चांदी परत आली असती तर काहीतरी करता आलं असतं."

जैबूनबी उठली. स्वयंपाकघरात जाऊन तिनं पीठ ठेवायचा मोठा डबा आणला आणि टाकीपाशी झाकण उघडलं. डबा पाऊण भरलेला होता. आत पांढराशुभ्र कीस होता, उन्हात डोळे दिपवणारा.

"अण्णा गेले त्या दिसापासनंचं हाय," ती म्हणाली. "अण्णा हुते तवर ते मला देत हुते. त्येच्या पोराला पत्ता न्हाई, मग त्ये मी कसं घेऊ? चिमटीचं ह्या डब्यात टाकलं आन् केरातलं तेवडं इकलं."

"दोन वर्षं? अगं मग परत का नाही केलंस?"

"कसं करू? दिलं की धोंडीभाऊला कळनार, मला सुरवातीपासनं ठाव हुतं म्हनून. रोज सांजच्याला म्या दारात गेले की त्यो इचारतो, काय जैबून, काल किती निघालं? म्या सांगितलं की असा हसतो, जनू त्येच्या पोरीला पहिला नंबर आलाय. त्येला वाटतंय, त्येनं शपथ पाळली. त्येचं तेवडं मी कसं मोडू?"

नसरीननं घड्याळ बघितलं. तीन वाजून दहा मिनिटं. "आता मोडावंच लागेल, अम्मी. ही चांदी घेऊन जायची तर कुठून आली ते सांगावं लागेल."

"सांगू की," जैबूनबी म्हणाली.

तिनं कोपऱ्यातलं राखेचं पोतं ओढून आणलं, घमेल्यात ओतलं आणि त्यावर डबा उपडा केला. नसरीननं तिचा हात धरला, पण तिनं तो सोडवून घेतला. वर पाणी टाकलं, न धुतलेला केर टाकला आणि ती दोन्ही हातांनी सगळं कालवू लागली. मातीतून चांदी वेगळी करण्यात जिचं आयुष्य गेलं, ती बाई चांदीत माती कालवत होती. कणीक मळावी तसं तिनं ते मन लावून मळलं. शेवटी घमेल्यात काळ्या चिखलाशिवाय काही दिसेना.

"अम्मी, तुझं नाव जाईल," नसरीन म्हणाली.

"नाव माझंच हाय न्हवं? मग जाऊ दे."

पावणेपाचला दोघी कारखान्यात आल्या. सम्मेद दाराशीच येरझाऱ्या घालत होता. दिवसभरात त्याचं तीन कामगारांशी वाजलं होतं आणि एक बाई रडत घरी गेली होती. धोंडीमामा आपल्या मेजाशी ताठ बसले होते; सदरा बदलून आले होते, न्यायला येतील तेव्हा नीट दिसावं म्हणून असावं.

जैबूनबीनं घमेलं उंबऱ्याच्या आत ठेवलं. नसरीनच्या हातातल्या पाटीवर नवी नोंद उमटली. तुळईवरच्या डब्यांना चिखल दिसत नव्हता, चांदी दिसत होती.

"शेठ, माफी मागायला आलीया," जैबूनबी मोठ्यानं म्हणाली, सगळ्यांना ऐकू जाईल अशी. "दोन वरसं झाली, माझ्या डोळ्यांना दिसंना झालंय. पांढरा कीस तुमच्या डब्यात टाकायचा, त्यो मी केर म्हनून घरी न्हेला. धुयालाबी जमलं न्हाई. कुनाला सांगायची लाज वाटली, तसंच साठवत गेले. आज पोरगीनं बघितलं आन् म्हनली, अगं ही चांदी हाय."

कुणीतरी हसलं. "एवढं नाव होतं बाईचं," अशी मागून कुजबुज आली. सम्मेदनं घमेल्यात हात घातला, चिखल चोळून बघितला आणि त्याच्या बोटांवर पांढरी चमक उमटली. त्याचा राग आणि आनंद एकाच वेळी बाहेर पडायला बघत होते.

"दोन वर्षं, मावशी? दोन वर्षं माझी माणसं मी चोर म्हणून बघतोय."

"चुकले, शेठ."

मेजाशी खुर्ची सरकली. धोंडीमामा उभे राहिले होते. "जैबून, ह्ये काय बोलायलीस तू? अगं, ह्यो कीस तर..."

"तुमी गप ऱ्हावा, धोंडीभाऊ," जैबूनबी मागं न बघता म्हणाली. "तुमास्नी काय कळतंय केर धुन्यातलं?"

मामा तसेच उभे राहिले. मग ते हळूच खाली बसले आणि कानस हातात घेऊन तिच्याकडं नुसते बघत राहिले. त्यांना काय कळलं आणि काय नाही, हे नसरीनला त्यांच्या चेहऱ्यावरून सांगता आलं नसतं.

पाचला नऊ मिनिटं होती. पाटीवरच्या चौदाच्या लाल रेघा एकेक करून फिकट झाल्या. चोरी या शब्दाच्या जागी हाताळणीतली चूक असं आलं, आणि खाली शेऱ्याची रिकामी चौकट उघडली. चूक कुणाची आणि कशी, ते आखणीकारानं स्वतःच्या शब्दांत लिहायचं होतं. खोटं लिहिलं आणि पुढं उघडकीस आलं तर परवाना कायमचा जाणार होता. नसरीनला त्याची भीती वाटत नव्हती असं नाही, पण बोटं अडली ती त्यासाठी नव्हेत.

"लिही ना," सम्मेद घड्याळ बघत म्हणाला. "म्हणजे कॅमेरे शून्यच ना? फक्त मावशींच्या जागी मशीन आणायचं."

"हो," नसरीन म्हणाली. "शून्यच."

तिनं लिहिलं. दोनदा खोडलं आणि पुन्हा लिहिलं. जैबूनबी शेजारी उभी होती, हाताचा चिखल वाळत आलेला. तिला वाचता येत नव्हतं.

"काय लिवलंस?" तिनं विचारलं.

सम्मेद ऐकत होता, तीस कामगार ऐकत होते आणि मेजाशी बसलेले धोंडीमामा ऐकत होते. नसरीननं पाटी वर धरली आणि वाचलं, "बाह्य व्यक्ती क्रमांक एक, जैबून झारेकरी, हिला स्वच्छ कीस आणि केर यांतला फरक ओळखता येत नाही."

"बराबर हाय," जैबूनबी म्हणाली. "कर आता सही."